जुन्या अल्टोला अलार्म बसवला त्याची हकीकत

गाडीला बाहेरून अलार्म बसवायचा म्हटलं की किट कुठल्या कंपनीचा घ्यावा यावरच सगळी चर्चा होते. तो गाडीच्या वायरिंगला जोडायचा कसा, हे फारसं कुणी सांगत नाही. हे काम मी स्वतः हात काळे करून केलंय, त्यामुळे ठामपणे सांगतो: चांगला किट वाईट जोडणीत वाया जातो आणि साधा किट नीट जोडला तर वर्षानुवर्षं चालतो. म्हणून इथे जोडणीबद्दलच जास्त लिहितोय.

आमची गाडी मारुती अल्टो एलएक्स, केए २२ पासिंगची, सेकंडहँड घेतलेली. ७९६ सीसीचं इंजिन, सेंट्रल लॉक नाही, साधी धातूची चावी, चावीत चिप नाही. म्हणजे काच खाली सरकवून दार उघडता आलं की पुढचं काम चोराला अवघड नाही. आमचं घर बेळगावच्या शहापुरात. शहापूर हे सांगली संस्थानातलं जुनं गाव, गल्ल्या त्या काळच्या, हातमाग आणि बैलगाड्यांच्या हिशेबाच्या. दारात गाडी लावायला जागा नाही, ती गल्लीच्या तोंडाशी लावावी लागते आणि घरातून दिसत नाही. शेजारच्यांच्या गाडीतला म्युझिक सिस्टीम आणि कागदपत्रांचं पाकीट एका रात्रीत गेलं, तेव्हा घरातून तगादा सुरू झाला.

अॅक्सेसरीजच्या दुकानात हे काम दोन-तीन तासांत होतं. ते कसं होतं हे मी उभं राहून पाहिलंय. ब्लेडने गाडीच्या वायरचं कव्हर सोलायचं, त्यावर किटची वायर पिळायची, वर काळी टेप गुंडाळायची आणि सगळं डॅशबोर्डच्या खाली कोंबून द्यायचं. आमच्याच गाडीत आधीच्या मालकाने म्युझिक सिस्टीम बसवून घेतला होता, त्याचे जॉइंट तसेच होते. उन्हाळ्यात डॅशबोर्डखाली गाडी तापते, टेपचा डिंक पातळ होऊन ओघळतो, टेप सुटते आणि उघडी तांब्याची तार पत्र्याला घासत राहते. हे बघितल्यावर दुकानात काम द्यायचं मनातून गेलं.

मी कामाला उद्यमबागेत, बेळगावच्या कारखान्यांच्या वसाहतीत. तिथेच कोपऱ्यावर एका अण्णांचं ऑटो इलेक्ट्रिकचं काम चालतं. टेम्पो, ट्रॅक्टर, जुन्या जीप, सगळं त्यांच्या हाताखालून जातं. त्यांना विचारलं तर म्हणाले, "किट तू घेऊन ये, काम आपण दोघं मिळून करूया. पण गडबड करायची नाय बघ. मीटर लावल्याबिगर एक वायर कापायची नाय." काम रविवारीच काढायचं ठरलं, कारण त्या दिवशी त्यांच्याकडे गर्दी नसते आणि माझी सुट्टी.

किट निवडताना मी एकच गोष्ट पाहिली: रिमोटचा कोड बदलता आहे की ठरलेला. स्वस्त रिमोटमध्ये कोड कायमचा एकच असतो. दर वेळी बटण दाबलं की तोच संदेश हवेत जातो, आणि तो पकडून नक्कल करणारे रिमोट बाजारात सहज मिळतात. बदलत्या कोडच्या रिमोटमध्ये दर दाबण्याला नवा संदेश जातो, जुना संदेश पुन्हा पाठवला तर युनिट तो धरत नाही. डब्यावर हे बहुतेक वेळा लिहिलेलं नसतं, दुकानदारालाही ठाऊक नसतं. मी दुकानातच रिमोटचा स्क्रू काढून दाखवायला सांगितलं. आत आठ पायांची छोटी चिप होती आणि तिच्यावर एचसीएस ३०१ असं बारीक अक्षरात होतं. मायक्रोचिप कंपनीची ही बदलत्या कोडची चिप. तिथेच किट घेतला.

पहिल्या रविवारी आम्ही एकही जोड दिला नाही. अण्णांनी आधी बॅटरीचा हिशेब काढला. गाडी बंद, दारं बंद, बॅटरीची निगेटिव्ह वायर सोडवून मीटर मध्ये लावला, दहा अँपिअरच्या रेंजवर. बॉनेट उघडं ठेवून हे करता येतं, फक्त ड्रायव्हरच्या दाराच्या चौकटीतला (पिलरमधला) छोटा स्विच दाबलेला ठेवायचा म्हणजे गाडीला दार बंद असल्यासारखं वाटतं आणि आतला दिवा विझतो. मीटर असा लावलेला असताना चावी फिरवून स्टार्टर मारायचा नाही, मीटरचा फ्यूज जातो. आकडा आला ०.२ अँपिअर. उभ्या असलेल्या, सगळं बंद केलेल्या गाडीला एवढा करंट जायचं काही कारण नाही. साधारण ०.०५ च्या आत असावा. ०.२ म्हणजे दिवसाला ४.८ अँपिअर-तास, आणि आमची बॅटरी ३५ ची. आठवडाभर गाडी जाग्यावर राहिली की बॅटरी झोपणार. गणपतीत आम्ही गावी गेलो की परत आल्यावर गाडीला धक्का मारावा लागायचा, त्याचं कारण इथे सापडलं. अण्णांनी एकेक फ्यूज काढत बघितलं. म्युझिक सिस्टीमचा अॅम्प्लिफायर चावीच्या लाइनवर घ्यायचा तो सरळ बॅटरीच्या लाइनवर घेतला होता. ती जोडणी बदलली, आकडा जवळजवळ शून्यावर आला.

हे आधी केलं नसतं तर अलार्म लावल्यावर बॅटरी उतरली असती आणि सगळ्यांनी दोष अलार्मला दिला असता. म्हणून माझं सांगणं आहे की किट उघडायच्या आधी हा आकडा काढून कागदावर लिहून ठेवा.

मग स्टिअरिंगखालचं कव्हर आणि पायाजवळची प्लास्टिकची पट्टी काढली. किटमध्ये वायरचा एक जाडजूड झुपका, एक मुख्य युनिट, सायरन, शॉक सेन्सर, लाल एलईडी, बॉनेटचा स्विच, लॉकच्या चार मोटरी आणि एक नकाशा. नकाशात किटच्या वायरचे रंग दिलेले असतात, गाडीच्या वायरचे नाही. गाडीचे रंग आपले आपण शोधायचे. सुझुकीच्या वायरिंगला एक शिस्त आहे. आमच्या गाडीत अर्थची (गाडीच्या पत्र्याला, म्हणजे निगेटिव्हला जाणारी) वायर काळी, चावीच्या ऑन लाइनची काळी-पांढरी, स्टार्टरची काळी-पिवळी, डाव्या इंडिकेटरची हिरवी-लाल, उजव्याची हिरवी-पिवळी निघाली. पण अण्णा रंगावर विसंबत नाहीत. प्रत्येक वायरला मीटर लावायचा, चावी फिरवून बघायची, आणि मग माझ्याकडून वहीत लिहून घ्यायचं: कुठली वायर, कुठल्या कपलरमधून, चावी बंद असताना किती, ऑनला किती, स्टार्ट मारताना किती. काळ्या-पांढऱ्या वायरवर चावी ऑनला १२ व्होल्ट, आणि स्टार्ट मारतानाही तिथे व्होल्टेज टिकतं. अॅक्सेसरीच्या लाइनवर स्टार्ट मारताना ते क्षणभर शून्य होतं. अलार्मची ऑन वायर त्यामुळे अॅक्सेसरीवर घ्यायची नाही, हे या एका बघण्यातून ठरलं.

एअरबॅग असलेल्या गाडीत पिवळ्या आवरणाची किंवा पिवळ्या कपलरची वायर दिसली तर तिला मीटरसुद्धा लावू नये. आमच्या गाडीत एअरबॅग नव्हती, तरी अण्णांनी ते आवर्जून सांगितलं. टेस्ट लॅम्पबद्दलही तेच. जुन्या ट्रॅक्टरला तो चालतो, पण इंजिनचा कंट्रोलर असलेल्या गाडीत बल्बचा करंट चुकीच्या वायरमधून ओढला तर आतला सर्किट जाऊ शकतो. मीटर जवळजवळ करंट ओढतच नाही.

अर्थची गोष्ट मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. किटच्या कागदात लिहिलं होतं, काळी वायर जवळच्या बोल्टला लावा. स्टिअरिंगच्या ब्रॅकेटचा बोल्ट हाताशी होता. अण्णांनी वायर तिथे तात्पुरती धरली, सायरन आणि लॉकची मोटर एकदम चालवली आणि मीटर त्या बोल्टपासून बॅटरीच्या निगेटिव्हपर्यंत लावला. ०.८ व्होल्ट. म्हणजे बोल्टला रंग लागलेला, पत्र्याशी त्याचं पक्कं मिलन नाही. "ग्राउंड चांगला नसला की सगळं खोटं बोलतंय बघ," अण्णा म्हणाले. मग पायाजवळच्या पॅनेलच्या आत पत्र्याचा सपाट भाग शोधला, कानशीने रंग खरवडून पत्रा चकचकीत केला, गोल टर्मिनल वायरला दाबून बसवलं, दातेरी वॉशर घालून बोल्ट आवळला आणि वरून गंज येऊ नये म्हणून ग्रीस लावलं. पुन्हा मोजलं तर ०.१ च्याही खाली. अलार्म उगाचच वाजणं, लॉक अर्धवट बसणं, रिमोट कधी धरणं कधी न धरणं, यातल्या कितीतरी तक्रारी या एका बोल्टपाशी संपतात.

पॉझिटिव्ह लाइन आम्ही सरळ बॅटरीवरून आणली. तिचा फ्यूज बॅटरीपासून वीतभर अंतराच्या आत. फ्यूज आत डॅशबोर्डखाली लावला आणि इंजिनच्या खोलीत वायर कुठे घासून पत्र्याला लागली, तर मधे तोडणारं काहीच नसतं, वायर पेटते. इंजिनच्या खोलीतून आत यायला जे भोक आहे त्याला रबरी ग्रोमेट असतो. तो बाजूला सारून उघड्या पत्र्याच्या कडेवरून वायर घ्यायची नाही. ग्रोमेटलाच बारीक चीर पाडून त्यातून वायर ओढली आणि बाहेरच्या बाजूला वायरला खाली एक झोल दिला, म्हणजे पावसाचं पाणी वायरवरून आत न येता झोलाच्या तळाला गळून पडतं. बेळगावच्या जून-जुलैच्या पावसात हा झोल लागतोच.

जोड सगळे सोल्डर केले. वायर सोलून, एकमेकीत गुंतवून, सोल्डर मारून, वर हीट श्रिंक स्लीव्ह तापवून बसवायची. सोल्डरच्या जवळ तार कडक होते आणि हादऱ्याने तिथेच मोडू शकते, म्हणून प्रत्येक जोडाच्या दोन्ही बाजूंनी वायर मूळ वायरिंगच्या झुपक्याला बांधली. जिथे टर्मिनल लागत होतं तिथे चांगल्या पकडीने दाबून बसवलं. वरून सगळ्याला कापडी टेप. हे करायला वेळ लागतो आणि पायाजवळ उताणं पडून मान आखडते, पण आज तो झुपका उघडून बघितला तर तो मूळचाच वाटतो.

इंडिकेटरची जोडणी एका कारणासाठी सांगतो. किटमधून डाव्या-उजव्यासाठी दोन वेगळ्या वायर आल्या असतील तर त्या दोन बाजूंना वेगवेगळ्याच जोडायच्या. एकच वायर असेल आणि ती दोन्हीकडे सरळ जोडली, तर डावा इंडिकेटर दिला की उजवाही लुकलुकणार. अशा वेळी मध्ये दोन डायोड, म्हणजे करंट एकाच दिशेने जाऊ देणारे भाग, लागतात. त्यातही दुकानात सर्रास मिळणारा १एन४००७ चालत नाही. तो एक अँपिअरचा. एका बाजूला २१ वॉटचे दोन बल्ब आणि बाजूचा छोटा बल्ब मिळून चार अँपिअरच्या आसपास जातात, त्याला सहा अँपिअरचा डायोड हवा. आमच्या किटला दोन वायर होत्या, त्यामुळे हा प्रश्न आला नाही.

दारांच्या स्विचचं काम मात्र मजेचं निघालं. मारुतीत दार उघडलं की पिलरमधला छोटा स्विच आतल्या दिव्याची वायर अर्थला टेकवतो. दिव्याचा खटका मधल्या जागी ठेवून दार बंद असताना त्या वायरवर १२ व्होल्ट, उघडलं की शून्य. अलार्मला हेच हवं असतं. पण आमच्या गाडीत पुढच्या दोन दारांनाच स्विच होते. मागचं दार उघडून कुणी आत बसलं तर अलार्मला पत्ताच लागला नसता. म्हणून मागच्या दोन पिलरला नवे स्विच बसवले, भोकाच्या कडेला आधी रंग लावून, आणि त्यांच्या वायर पुढच्यांनाच नेऊन मिळवल्या. आता मागचं दार उघडलं तरी आतला दिवा लागतो. रात्री मुलांना उतरवताना त्याचाच जास्त उपयोग होतोय.

बॉनेटच्या स्विचला किटमध्ये वेगळी वायर नव्हती, तोही दारांच्याच वायरवर घ्यायचा होता. सरळ जोडला तर बॉनेट उघडलं की आत दिवा लागणार. अण्णांनी दारांच्या फाट्यावर एक आणि बॉनेटच्या फाट्यावर एक असे दोन डायोड टाकले, दोघांच्या अंगावरच्या पट्ट्या स्विचच्या बाजूला. इथे करंट नगण्य, त्यामुळे १एन४००७ पुरतो. आता दार किंवा बॉनेट, काहीही उघडलं तरी अलार्मला कळतं, पण एकाचं दुसऱ्याला कळत नाही.

लॉकच्या मोटरी बसवणं हे सुतारकामाच्या जवळचं काम आहे. ड्रायव्हरच्या दारात पाच वायरची मोटर जाते, तिच्यातच स्विच असतो, बाकी तिघांत दोन वायरच्या. निळ्या-हिरव्या वायरवर एका दिशेने करंट गेला की लॉक, उलट गेला की उघड, तोही सेकंदाच्या आतला धक्का. मोटरची सळी दाराच्या लॉकच्या सळीला समांतर यायला हवी, तिरकी लागली की मोटर ओढत राहते आणि गरम होते. भोक पाडायच्या आधी काच पूर्ण खाली घेऊन बघायची, मोटर काचेच्या वाटेत येत नाही ना. दाराचं पॅड काढल्यावर आत प्लास्टिकचा कागद चिकटवलेला असतो. दुकानांत तो फाडून टाकतात. काचेवरून आत उतरणारं पाणी तोच कागद दाराच्या तळाकडे नेतो. तो नसला की पॅडचा हार्डबोर्ड भिजून फुगतो. आम्ही तो अलगद सोडवला आणि काळ्या चिकट दोरीने परत बसवला. मागच्या दारातून वायर न्यायला भोकं पाडावी लागली. पिलरमधलं भोक आणि दारातलं भोक समोरासमोर न घेता थोडं खाली-वर घेतलं, म्हणजे दार मिटताना वायर दुमडत नाही, पिळली जाते, आणि लवकर तुटत नाही. वरून रबरी नळी.

आता इंजिन अडवायचं. इथे आमची सगळ्यात जास्त चर्चा झाली. किटमधला रिले, म्हणजे करंटवर चालणारा स्विच, तीन ठिकाणी लावता येतो: पेट्रोल पंपाच्या वायरवर, इग्निशनच्या वायरवर, किंवा स्टार्टरच्या वायरवर. काही किटमध्ये रिमोटने चालती गाडी बंद करायची सोयही असते, आणि दुकानदार तीच कौतुकाने दाखवतात. मला ती नकोच होती. आम्ही गोव्याला जांबोटीवरून चोर्ला घाटाने जातो. त्या वळणांवर रिलेने दगा दिला आणि पंप किंवा इग्निशन तुटलं, तर गाडी चढावर मागून येणाऱ्या ट्रकपुढे उभी. ब्रेकचा बूस्टरही इंजिन चालू असेपर्यंतच साथ देतो. स्टार्टरच्या वायरवर रिले असला तर तो फक्त गाडी चालू करताना आड येतो, चालती गाडी तो थांबवू शकत नाही. त्याची एक उणीव आहे, ती मी लपवत नाही: गाडी धक्का मारून चालू करता येते. पण अलार्म वाजत असताना शहापूरच्या गल्लीत गाडी ढकलत नेणारा चोर मला परवडतो, घाटात बंद पडणारी गाडी परवडत नाही.

रिलेच्या पायांवर आकडे असतात. ८५ आणि ८६ मधली गुंडाळी, ३० हा सामायिक, ८७ला करंट दिल्यावर जोडला जाणारा आणि ८७ए करंट नसताना जोडलेला. स्टार्टरची काळी-पिवळी वायर कापून एक टोक ३० ला, दुसरं ८७ए ला. ८६ ला चावीच्या ऑनची लाइन, ८५ ला अलार्मची वायर. लॉक असताना चावी फिरवली तरच गुंडाळीत करंट जातो आणि स्टार्टरच्या वायरची जोडणी तुटते. त्यामुळे रात्रभर रिले बॅटरी खात नाही, आणि उद्या अलार्मचं युनिटच जळालं तर ८७ए जोडलेलाच राहतो, गाडी नेहमीसारखी चालू होते. ८७ वर जोडला असता तर युनिट जळाल्यावर गाडी रस्त्यातच अडकली असती. गुंडाळीवर एक डायोड आडवा टाकला, पट्टी ८६ च्या बाजूला, कारण रिले सुटताना उलटा झटका देतो आणि तो युनिटच्या आतल्या ट्रान्झिस्टरला मारतो.

सायरन बॅटरीच्या मागे, सायलेन्सरच्या गरम नळीपासून लांब, तोंड खाली करून. तोंड वर राहिलं की पावसाचं पाणी भरतं. काही जण सायरनचे वेगवेगळे आवाज हॉर्नच्या बटणाला जोडून घेतात. तसं करू नये. केंद्रीय मोटार वाहन नियमांतल्या ११९ व्या नियमाने एकामागून एक बदलत्या सुरांचा हॉर्न खाजगी गाडीला मना आहे. युनिटची अँटेनाची बारीक वायर साधारण सतरा सेंटिमीटरची असते, आणि ती लांबी उगाच नसते, ४३३ मेगाहर्ट्झच्या लहरीच्या पाव हिस्स्याइतकी असते. तिची गुंडाळी करून टाय मारला की रिमोट दहा पावलांवरूनही धरत नाही. ती सरळ ताणून डॅशबोर्डच्या वरच्या प्लास्टिकला चिकटवली.

शॉक सेन्सरचा स्क्रू फिरवायला सगळ्यांत जास्त दिवस गेले, आणि ते काम बसून होत नाही, गाडी जिथे उभी राहते तिथेच करावं लागतं. सेन्सर आम्ही स्टिअरिंगखालच्या धातूच्या पट्टीला घट्ट बांधला. प्लास्टिकला बांधला तर तो प्लास्टिकचा थरथराट मोजतो. सुरुवातीला तो इतका हळवा होता की रेल्वे ब्रिजकडून ट्रक गेला की कुरकुरायचा. मग काचेवर मुठीने मारून बघायचं आणि स्क्रू थोडा मागे घ्यायचा, असं करत आणलं. खरी परीक्षा गणपतीत झाली. आमच्याकडच्या मिरवणुका कपिलेश्वर तलावाकडे जातात, ढोल-ताशा छातीत घुमतो. त्या रात्री गाडी गल्लीच्या तोंडाला उभी होती, सेन्सरने इशाऱ्याची चिवचिव केली, पूर्ण सायरन मारला नाही. काचेवर मूठ मारली तर मात्र मारतो. इथेच स्क्रू थांबवला.

पावसात एक अडचण आलीच. जुलैत एका झडीच्या रात्री सायरन वाजला, बंद केला, पुन्हा वाजला. समोरच्या आजी सकाळी म्हणाल्या, "बाबा, तुझी गाडी रात्रभर रडायली होती." शॉक सेन्सर कपलरमधून सोडवला तरी वाजायचा, म्हणजे तो कारण नव्हता. बॉनेटचा स्विच मीटरने बघितला. बॉनेट बंद असताना त्यातला करंटचा रस्ता पूर्ण तुटलेला असायला हवा, पण मीटर काही शे ओहम दाखवत होता. स्विच किटच्या नकाशाप्रमाणे बॉनेटच्या कडेच्या पन्हाळीत बसवला होता आणि पन्हाळीतूनच सगळं पाणी वाहतं. स्विच काढून हातात घेतला तर आतल्या स्प्रिंगला तांबूस गंजाची भुकटी चिकटली होती, ओली. त्या ओल्या भुकटीतून अर्थ लागत होता. नवा स्विच आतल्या बाजूला, बॉनेटच्या रबरी पट्टीच्या अलीकडे कोरड्या जागी बसवला. त्यासाठी लागणारी छोटी एल आकाराची पट्टी उद्यमबागेतच एका वर्कशॉपमध्ये वाकवून घेतली. स्प्रिंगला ग्रीस, वरून रबरी टोपी. त्यानंतरच्या पावसाळ्यात गाडी गप्प राहिली. आपल्या भागात गाडी असेल तर नकाशातली ती जागा सरळ सोडून द्या.

शेवटी पुन्हा करंट मोजला. लॉक करून, एलईडी लुकलुकत असताना, ०.०३ अँपिअर. दिवसाला पाऊण अँपिअर-तासही नाही. पंधरा दिवस गाडी उभी राहिली तरी बॅटरी इंजिन फिरवते, हे नंतर प्रत्यक्ष बघितलं.

विम्याबद्दल विचारणारे पुष्कळ भेटतात. पुण्याच्या एआरएआय या वाहन-चाचणी संस्थेने मान्य केलेलं चोरीविरोधी उपकरण असेल आणि ते बसवल्याचा दाखला मान्यताप्राप्त ऑटोमोबाईल असोसिएशनचा असेल, तर जुन्या मोटार टॅरिफप्रमाणे (विम्याच्या ठरलेल्या दरपत्रकाप्रमाणे) गाडीच्या स्वतःच्या नुकसानीच्या प्रीमियमवर अडीच टक्के सूट होती, तीही जास्तीत जास्त ५०० रुपये. जुन्या गाडीला ती रक्कम इतकी थोडी होते की तिच्यासाठी अलार्म घेऊ नये. दोन्ही मूळ चाव्या मात्र सांभाळून ठेवाव्यात. गाडी चोरीला गेल्यावर विमा कंपनी दोन्ही चाव्या मागते.

नव्या गाडीबद्दल माझं मत वेगळं आहे. चावीत चिप आणि कंपनीचा इमोबिलायझर (इंजिन अडवणारी सोय) असलेल्या गाडीत, जिथे दारांचे संदेश दोन पिळलेल्या वायरवरून आकड्यांच्या रूपात जातात, तिथे वायर सोलून हात घालू नये. वॉरंटीचा वाद वेगळाच. त्या गाड्यांना मूळ कपलरच्या मध्ये लागणारे किट मिळतात, तेच घ्यावेत. जुनी अल्टो, ८००, ओम्नी, यांत मात्र मीटर हातात असला आणि वेळ असला की हे काम मनासारखं होतं.

वहीतली ती पानं मी स्वच्छ उतरवून काढली: कुठली वायर कुठे, कुठला डायोड कोणत्या बाजूला, रिले कुठे लपवलाय, फ्यूज किती अँपिअरचा. एक प्रत अण्णांकडे, एक घरी कपाटात. गाडीत ठेवलेली नाही, कारण ती चोरालाही वाचता येते. सर्व्हिसिंगला गाडी देताना मी युनिट व्हॅलेट मोडवर टाकतो, म्हणजे अलार्म तात्पुरता गप्प करतो, रिमोट घरीच ठेवतो आणि नुसती चावी देतो. रिमोटची २३ए ची बारा व्होल्टची बॅटरी दर पावसाळ्याच्या तोंडाला बदलतो, त्याच वेळी बॉनेटच्या स्विचला ग्रीस आणि अर्थच्या बोल्टवर मीटर.